तीन वाजून त्रेपन्न मिनिटं

२०१४ च्या विधानसभा निवडणुकीत उमेदवारी अर्ज भरण्याची मुदत २७ सप्टेंबरला, शनिवारी दुपारी ३ वाजता संपत होती. त्या वर्षी सगळ्यांचीच तारांबळ उडाली. पितृपक्ष सरेपर्यंत अर्ज भरायला फारसं कुणी धजावेना. २५ तारखेला घट बसले आणि त्याच दिवशी शिवसेना-भाजपची पंचवीस वर्षांची युती तुटली, काँग्रेस-राष्ट्रवादीची आघाडीही मोडली. चार मोठ्या पक्षांना एकाएकी जागोजागी नवे उमेदवार उभे करायचे होते, त्यांच्यापर्यंत एबी फॉर्म पोहोचवायचे होते, आणि हातात उरले होते दोन दिवस. १०१-जालना मतदारसंघात निवडणूक निर्णय अधिकाऱ्याच्या कार्यालयात आणि बाहेर व्हिडिओ कॅमेरे लावलेले होते. ते सगळं टिपत राहिले.

निकाल लागला तेव्हा शिवसेनेचे अर्जुन खोतकर यांना ४५,०७८ मतं होती, काँग्रेसचे कैलास गोरंट्याल यांना ४४,७८२. फरक २९६ मतांचा. गोरंट्याल यांचा आक्षेप मात्र मतमोजणीच्या कितीतरी आधीचा होता. खोतकरांचे ४३ आणि ४४ क्रमांकाचे अर्ज ३ च्या आत आलेच नाहीत, ते ३ वाजून ५३ मिनिटांनी दिले गेले, असं त्यांचं म्हणणं. २८ सप्टेंबरला सकाळी ११ वाजता त्यांनी तशी लेखी तक्रार दिली. अर्ज वेळेतच आले आहेत, असं सांगून अधिकाऱ्यांनी ती त्याच दिवशी फेटाळली. गोरंट्याल आणि दुसऱ्या एका याचिकाकर्त्यामार्फत प्रकरण मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात गेलं आणि मग सगळं येऊन थांबलं काही सीडी-व्हीसीडींवर.

त्या चकचकीत तबकड्यांवरून सुरू झालेला वाद सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठापर्यंत पोहोचला. १४ जुलै २०२० ला जो निकाल आला, त्याचं नाव आज देशभरातल्या न्यायालयांत रोज घेतलं जातं. सीसीटीव्हीचं चित्रण असो, फोनवरचं ध्वनिमुद्रण असो की व्हॉट्सअ‍ॅपवरचं संभाषण. पुरावा म्हणून ते पुढे आलं की कुणीतरी वकील ‘अर्जुन पंडितराव खोतकर विरुद्ध कैलास कुशनराव गोरंट्याल’ असं म्हणतोच. संपादकांनी या अंकासाठी ‘साठवण’ हा विषय सुचवला, तेव्हा माझ्या डोळ्यांपुढे लोणच्याच्या बरण्या आल्या नाहीत, या व्हीसीडी आल्या. प्रकाशाने लिहिलेली आणि प्रकाशानेच वाचायची ही साठवण नेमकी असते कशी, ती किती टिकते आणि तिच्या खरेपणाची हमी कोण देतं, हे पाहायला मी जालन्याला गेलो.

कोरी सीडी, भरलेली सीडी

कुंडलिका नदीने शहराचे दोन भाग केले आहेत. मोठ्या व्यापारी पेठा नव्या जालन्यात, तर स्टेशन, गांधी चमन, कचेरी रोड हा सगळा भाग जुन्या जालन्यातला. बियाणं आणि लोखंडी सळया यांनी नावारूपाला आलेल्या या शहरात व्हीसीडीचं चलन एके काळी जोरात होतं. लग्नाचं शूटिंग, शाळेचं स्नेहसंमेलन, उरूस, जयंतीची मिरवणूक, नगरपालिकेचा प्रचार, सगळ्याची सीडी निघायची. त्या काळी रात्र-रात्र सीडी राइट करत बसलेले एक स्टुडिओवाले काका मला जुन्या जालन्यात भेटले. आता त्यांच्याकडे पासपोर्ट फोटो, लॅमिनेशन आणि ‘जुन्या सीडी-कॅसेट पेनड्राइव्हमध्ये करून मिळतील’ अशी पाटी आहे. त्या निवडणुकीच्या चित्रणाशी त्यांचा काही संबंध नाही. पण ते काम कसं होत असे, हे त्यांच्याइतकं बारकाईने मला दुसऱ्या कुणी सांगितलं नसतं.

कपाटातून त्यांनी कोऱ्या सीडींचा पन्नासचा डबा काढला. मधल्या दांडीवर सात-आठ सीडी उरलेल्या. एक उचलली ती कडेला धरून, तळव्याचा स्पर्श होऊ न देता. वीस वर्षांची सवय. जुन्या संगणकाच्या ट्रेमध्ये ठेवली, पडद्यावर सीडी भरायचं ‘नीरो’ सॉफ्टवेअर उघडलं, एक फाइल ओढून टाकली. वेगाच्या रकान्यात ५२ पर्यंतचे आकडे होते. त्यांनी ८ निवडला.

‘‘घाई केली की पार्टीच्या प्लेअरवर अडकती. मग रात्री अकराला फोन येतो, भाऊ, हळदीला पाहुणे बसलेत अन् नवरदेव हँग झालाय म्हणून.’’

सीडी बाहेर आली तेव्हा त्यांनी ती ट्यूबलाइटखाली तिरपी धरली. मधल्या भोकापासून साधारण दोन बोटं रुंदीचा एक पट्टा किंचित गडद दिसत होता, त्याच्या बाहेरचा भाग फिका. दोन्हींमधली सीमारेषा कंपासने काढावी तशी काटेकोर. ‘‘हितपर्यंत भरली. हितून पुढं कोरी.’’ सीडी आतून बाहेर भरत जाते, ग्रामोफोनच्या तबकडीच्या उलट, हे मी वाचलं होतं. ते असं डोळ्यांना दिसतं, हे मला तिथे कळलं.

मग त्यांनी २००६ सालच्या एका लग्नाची व्हीसीडी लावली. घरच्यांनी पेनड्राइव्हवर करायला दिलेली. साखरपुडा, हळद, वरात, मंगलाष्टकं, सगळं व्यवस्थित चाललं. शेवटाकडे मात्र चित्राचे चौकोनी तुकडे पडू लागले, आवाज तुटला आणि ड्राइव्ह आत कुरकुरत पुन्हा पुन्हा तीच जागा वाचू लागला. काकांना त्याचं नवल नव्हतं. सीडी सर्वांत जास्त हाताळली जाते ती कडेला, ऊन आणि दमट हवाही कडेकडूनच आत सरकते, आणि भरून वाहणाऱ्या लग्नाच्या सीडीत कडेला असते ती पाठवणी. ‘‘लोकांचे लग्नं राहतेत सर, पाठवणीच जाती. अन् बायांना पाहायची असती ती पाठवणीच.’’

लेझर जे वाचतो

सीडीचा व्यास १२ सेंटिमीटर आणि जाडी १.२ मिलिमीटर. ही जाडी जवळपास सगळी पॉलिकार्बोनेट नावाच्या पारदर्शक प्लास्टिकची. लेझर खालून आत शिरतो, सगळं प्लास्टिक पार करतो आणि वरच्या, म्हणजे आपण नाव लिहितो त्या बाजूला, लाखेच्या पातळ थराखाली दडलेल्या चकचकीत धातूवर आपटून मागे फिरतो. म्हणजे माहिती असते ती नावाच्या बाजूलाच. खालचा ओरखडा बऱ्याचदा पॉलिश करून घालवता येतो. वरून टोकदार बॉलपेनने दाबून ‘सौ. ताईचे लग्न, भाग २’ लिहिलं, की त्या अक्षरांखालची माहिती कायमची गेली म्हणून समजावं. आपल्या घरांतल्या अर्ध्याअधिक सीडी आपण अशा प्रेमानेच बिघडवल्या आहेत.

कारखान्यात छापून येणाऱ्या सीडीवर या थरात सूक्ष्म खड्ड्यांची एकच एक सर्पिल रेषा असते. दोन फेऱ्यांमधलं अंतर १.६ मायक्रोमीटर, म्हणजे एका मिलिमीटरमध्ये सहाशेवर फेरे. सगळी रेषा उलगडली तर पाच किलोमीटरहून लांब भरेल. वाचणारा लेझर ७८० नॅनोमीटर तरंगलांबीचा, डोळ्यांना जेमतेम दिसणाऱ्या अवरक्त प्रकाशाचा. खड्ड्याची खोली या प्रकाशाच्या प्लास्टिकमधल्या तरंगलांबीच्या साधारण चौथा हिस्सा ठेवलेली असते, आणि या एका मापात सगळी करामत आहे. काही प्रकाश खड्ड्यावरून परततो, काही शेजारच्या सपाटीवरून. जाऊन-येऊन दोघांच्या वाटेत अर्ध्या तरंगाचा फरक पडतो. एकाचा उंचवटा दुसऱ्याच्या खोलगटीवर येतो, दोघे एकमेकांना मारतात आणि परतणारा उजेड मंदावतो. ड्राइव्हमधला प्रकाश-संवेदक हा उजेड-अंधार सेकंदाला लाखो वेळा टिपतो.

खड्डा म्हणजे १ आणि सपाटी म्हणजे ०, असं बरेच जण समजतात. तसं नाही. सपाटीवरून खड्ड्यात उतरताना किंवा खड्ड्यातून वर येताना उजेड बदलतो, तो बदल म्हणजे १. उजेड बदलत नाही तेवढा वेळ सगळी शून्यं. ती किती, हे वेळेवरून मोजतात. म्हणून तबकडी लेझरखालून सतत एकाच गतीने सरकावी लागते, सेकंदाला साधारण सव्वा मीटर. आतल्या लहान फेऱ्यात ती मिनिटाला सुमारे ५०० वेळा फिरते, कडेला पोहोचेपर्यंत २०० वर येते. व्हीसीडी प्लेअरच्या झाकणाला कान लावणाऱ्या मुलांनी तो उतरत जाणारा घरघराट ऐकलेला आहे.

आपण घरी भरतो त्या सीडीवर खड्डे नसतात. तिथे प्लास्टिक आणि धातूच्या मध्ये रंगद्रव्याचा थर असतो. असं रंगद्रव्य वापरून, साध्या प्लेअरवरही चालेल अशी तबकडी जपानच्या ताइयो युदेन कंपनीने १९८० च्या दशकाच्या शेवटी तयार केली. वाचताना लेझरची ताकद अगदी कमी असते. लिहिताना ती कैकपट वाढते, रंगद्रव्य एका बिंदूपुरतं भाजतं, प्लास्टिकही जरासं विरूपतं आणि तेवढ्या जागेचं परावर्तन कमी होतं. प्लेअरला तो भाजलेला डाग खड्ड्यासारखाच भासतो. काकांनी दाखवलेला गडद पट्टा म्हणजे असे कोट्यवधी डाग. कोऱ्या सीडीवर आधीपासून एक बारीक चर असते, तीही सरळ नाही, किंचित नागमोडी. त्या नागमोडीतून यंत्राला कळतं की आपण कुठवर आलो, तबकडी कोणत्या उत्पादकाची आहे, तिच्यातलं रंगद्रव्य कोणत्या प्रकारचं आहे. रंगद्रव्य बदललं की सीडीचा रंगही बदलतो. कुठली निळसर-हिरवी, कुठली गडद निळी, कुठली जवळपास सोनेरी. बाजारातल्या लोकांनी या रंगांवरूनच ‘चांगली’ आणि ‘हलकी’ अशी वर्गवारी करून टाकली होती.

त्या हलक्या-चांगल्याच्या मागे एक मोठा भारतीय कारखानाही होता. मोझर बेअर ही दिल्लीजवळची कंपनी १९८३ मध्ये सुरू झाली, आधी फ्लॉपी आणि १९९९ पासून कोऱ्या सीडी बनवत ती जगातल्या अग्रगण्य उत्पादकांत जाऊन बसली. पुढे तिनेच चित्रपटांच्या व्हीसीडी २८ रुपयांना विकायला काढल्या आणि पायरसीवाल्यांच्या पोटावर पाय आणला. २०१८ मध्ये ती अवसायनात निघाली. काकांच्या डब्यावरचं नाव तिचंच होतं.

चुका गृहीत धरून केलेलं यंत्र

एवढ्या सूक्ष्म डागांवर धूळ बसणार, बोटांचे ठसे उमटणार, ओरखडे पडणार. सीडी घडवणाऱ्यांनी हे सुरुवातीपासून गृहीत धरलं होतं, आणि मला या तंत्रज्ञानातली सर्वांत देखणी गोष्ट वाटते ती हीच. फिलिप्स आणि सोनी यांनी १९८२ मध्ये सीडी बाजारात आणली तेव्हा तिच्या पोटात अर्व्हिंग रीड आणि गुस्ताव्ह सॉलोमन या दोघांचं १९६० मधलं गणित होतं. माहितीच्या प्रत्येक गटाला काही जादा अंक जोडायचे. मूळ अंकांतले काही हरवले, तरी उरलेल्यांवरून समीकरण सोडवून हरवलेले परत काढता येतात.

पण एकच ओरखडा एका ठिकाणचे सगळेच अंक पुसून टाकतो, तेव्हा समीकरण सोडवायला काही उरतच नाही. त्यावरचा उपाय आपल्याकडे जत्रेला निघालेल्या गावाने केव्हाच शोधलेला आहे. एका घरातली सगळी माणसं एका बैलगाडीत बसवायची नाहीत. बाप एका गाडीत, लेक दुसऱ्या, सून तिसऱ्या. एखादी गाडी उलटली, तरी कुठलंच घर पुरतं बुडत नाही. सीडीवर शेजारी-शेजारी असायला हवे ते अंक असेच लांब-लांब पांगवून लिहितात आणि वाचल्यावर पुन्हा जुळवतात. सलग अडीच मिलिमीटरपर्यंतचा पट्टा नाहीसा झाला, तरी प्लेअर तो भरून काढतो आणि ऐकणाऱ्याला काही कळतही नाही.

व्हीसीडीची गोष्ट इथे जरा वेगळी पडते. संगणकाच्या फाइली ठेवायच्या सीडीवर या संरक्षणावर आणखी एक कवच चढवलेलं असतं, कारण हिशेबाच्या फाइलीतला एक अंक चुकला तर सगळंच चुकतं. १९९३ मध्ये व्हीसीडीचं प्रमाण ठरलं तेव्हा चित्रपट बसवायला जागा हवी म्हणून चित्रासाठी हे जादा कवच काढून टाकण्यात आलं. एखादा ठिपका चुकला तर डोळा चालवून घेईल, असा हिशेब. शिवाय चित्र ३५२ गुणिले २८८ ठिपक्यांत बसवायचं आणि दाबून-दाबून छोटं करायचं. कॅमेऱ्याने टिपलेलं चित्र व्हीसीडीवर येतं तेव्हा ते पुन्हा गुंडाळलेलं, बारीकसारीक तपशील गाळलेलं असतं. लग्नासाठी हे चालतं. कोण किती वाजता दारातून आत आलं, हे ठरवायचं असेल तर व्हीसीडी म्हणजे मूळ चित्रण नाही, त्यावरून काढलेली एक आवृत्ती आहे, हे लक्षात ठेवावं लागतं.

आणखी एक गोष्ट मला काकांच्याच दुकानात दिसली. त्यांनी माझ्यासाठी भरलेली सीडी मी माझ्या लॅपटॉपला बाहेरचा ड्राइव्ह जोडून उघडली. ती भरल्याची तारीख होती १ जानेवारी २००२. त्यांच्या संगणकाच्या बोर्डावरचा सेल कधीचा मेलेला, त्यामुळे प्रत्येक वेळी चालू केला की तो तिथूनच मोजायला लागतो. तारीख दुरुस्त करायची आठवण राहिली तर राहिली. म्हणजे सीडी आतली प्रत्येक चूक शोधून काढू शकते, पण तिच्यावर लिहिलेली तारीख खरी की खोटी, हे तिला कळायचा मार्ग नाही. ती तारीख यंत्राच्या घड्याळातून येते, आणि घड्याळ माणसाच्या हातात असतं.

निशाणीचं पाकीट

कोर्टात सीडी येते ती बहुतेक वेळा खाकी पाकिटात, कागदाला टाचलेली किंवा पुठ्ठ्याला चिकटवलेली. वर निशाणी क्रमांक. जालन्यात एका वकिलांच्या अनुभवी कारकुनाने मला अशी दोन-तीन पाकिटं लांबूनच दाखवली आणि म्हणाला, ‘‘आत काय हाय ते वाजवल्याबिगर कळत न्हाई. कागद कसा, उघडला की बोलतो.’’

पुराव्याच्या कायद्यात हीच अडचण आहे. खरेदीखत समोर ठेवलं की सही दिसते, शिक्का दिसतो, खाडाखोड दिसते. सीडी समोर ठेवली की दिसतो आपलाच चेहरा. तिच्यावर जे आहे ते कुठल्यातरी दुसऱ्या यंत्रातून आलेलं असतं, आणि ते यंत्र कोर्टापुढे नसतं. म्हणून २००० साली माहिती तंत्रज्ञान कायद्यासोबत भारतीय पुरावा कायद्यात ६५-ब हे कलम आलं. संगणकातून काढलेली छापील प्रत किंवा तबकडी मूळ यंत्राशिवाय पुरावा म्हणून चालेल, पण सोबत एक प्रमाणपत्र हवं. नोंद कोणती, ती कशी तयार झाली, कोणत्या उपकरणातून, हे त्यात लिहायचं आणि त्या यंत्राचा किंवा कामाचा कारभार पाहणाऱ्या जबाबदार व्यक्तीने सही करायची. ही रचना इंग्लंडच्या १९६८ च्या दिवाणी पुरावा कायद्यातून जवळपास उचललेली. संगणक तेव्हा खोली व्यापून बसायचे. इंग्लंडने ते कलम १९९५ मध्येच काढून टाकलं होतं, आपण ते पाच वर्षांनी घेतलं.

जालन्याच्या खटल्यात उच्च न्यायालयाने २१ मार्च २०१६ ला आदेश दिला, की या मतदारसंघाचे सगळे कागद मूळ चित्रणासह आणि प्रमाणपत्रांसह हजर करा. सीडी-व्हीसीडी आल्या. सोबत प्रमाणपत्र म्हणून जे आलं त्याचा मजकूर एवढाच, की २६ आणि २७ सप्टेंबर या दोन दिवसांच्या चित्रणाच्या ज्या सीडी अभिलेखात होत्या त्या सादर केल्या आहेत. कॅमेरा कोणता, चित्रण तबकडीवर कसं आलं, कोणी आणलं, ते यंत्र नीट चालत होतं का, याबद्दल एक शब्द नाही. याचिकाकर्त्यांनी अधिकाऱ्यांकडे रीतसर प्रमाणपत्र मागितलं, न्यायालयालाही साकडं घातलं. ते मिळालंच नाही. उच्च न्यायालयाने तबकड्यांतल्या मजकुराची प्रतिलिपी स्वतः करवून घेतली. उलटतपासणीत निवडणूक निर्णय अधिकाऱ्यांनी हे चित्रण कार्यालयाच्या नेहमीच्या कामाचा भाग असल्याचं मान्य केलं. ही साक्ष म्हणजे कलमाचं पुरेसं पालन झालं, असं धरून न्यायालयाने २४ नोव्हेंबर २०१७ ला खोतकरांची निवड रद्द ठरवली. सर्वोच्च न्यायालयाने त्याला स्थगिती दिली आणि ते पदावर राहिले.

नऊ दिवस आधी

केरळमधल्या एरनाड मतदारसंघाच्या २०११ च्या निवडणुकीवरून असाच एक खटला चालला होता. प्रचारातली गाणी आणि भाषणं ध्वनिमुद्रित करून संगणकात घेतली गेली आणि त्यावरून सीडी काढल्या गेल्या. सोबत प्रमाणपत्र नव्हतं. सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, मूळ उपकरण हजर करा किंवा प्रमाणपत्र द्या. नुसती सीडी चालणार नाही. अन्वर विरुद्ध बशीर या निकालाची तारीख १८ सप्टेंबर २०१४. जालन्याचे ते कॅमेरे चालू होते त्याच्या बरोबर नऊ दिवस आधीची. दिल्लीत नियम पक्का झाला आणि दुसऱ्या आठवड्यात जालन्यात, अर्जांच्या गर्दीत, त्याच नियमाच्या कसोटीवर पुढे तपासलं जाणारं चित्रण होत होतं. ते सीडीवर उतरवणाऱ्या माणसापर्यंत तो निकाल पोहोचला असेल, अशी अपेक्षाही कुणी करणार नाही.

पुढे २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्याच दुसऱ्या पीठाने हा नियम सैल केला. उपकरण ज्याच्या ताब्यातच नाही त्याला प्रमाणपत्राची सक्ती नको, असं शफी मोहम्मद प्रकरणात म्हटलं गेलं. दोन निकाल दोन दिशांना बघू लागले, आणि नेमकं कोणतं धरायचं हे ठरवण्याची वेळ आली ती जालन्याच्या तबकड्यांवर. न्या. रोहिंटन नरिमन, न्या. एस. रवींद्र भट आणि न्या. व्ही. रामसुब्रमणियन यांनी अन्वरचा नियम कायम ठेवला आणि शफी मोहम्मद मोडीत काढला. मूळ लॅपटॉप किंवा मोबाइल घेऊन मालक स्वतः साक्षीच्या पिंजऱ्यात आला तर प्रमाणपत्र नको. प्रत दाखवायची असेल तर हवंच; तोंडी साक्ष त्याची जागा घेऊ शकत नाही. उच्च न्यायालयाने तोंडी कबुलीवर जे भागवलं होतं ते या कसोटीला उतरलं नाही.

तरीही खोतकरांचं अपील फेटाळलं गेलं. जे करता येणं शक्य आहे ते सगळं याचिकाकर्त्यांनी केलं होतं; अशक्य गोष्ट करायला कायदा कुणाला भाग पाडत नाही, असं न्यायालयाने म्हटलं. आणि तबकड्या बाजूला ठेवल्या, तरी इतर पुराव्यांवरूनही उच्च न्यायालय त्याच निष्कर्षाला आलं होतं. दोन्ही याचिकाकर्त्यांना प्रत्येकी एक लाख रुपये खर्च देण्याचा आदेश झाला. तोवर त्या विधानसभेची मुदत संपून गेली होती. २०१९ ची निवडणूक गोरंट्याल जिंकले होते. २०२४ ला खोतकर परत निवडून आले. जालन्यातल्या माणसाला हा खटला आठवतो तो या दोघांच्या चढाओढीतला एक डाव म्हणून. त्यात गैर काही नाही. पण त्या डावातून देशाला जे मिळालं ते कितीतरी मोठं आहे, आणि जालन्याने ते अभिमानाने सांगायला हवं, असं मला वाटतं.

पंचेचाळीस दिवस

१ जुलै २०२४ पासून भारतीय साक्ष्य अधिनियम लागू झाला. ६५-ब ची जागा ६३ व्या कलमाने घेतली आणि प्रमाणपत्राचा नमुनाच कायद्याच्या अनुसूचीत छापून आला. त्याचे दोन भाग. पहिला पुरावा देणाऱ्याने भरायचा, दुसरा तज्ज्ञाने. उपकरणांच्या यादीत मोबाइल, सर्व्हर, क्लाउड यांच्या रांगेत सीडी-डीव्हीडीलाही चौकट आहे. आणि एक रकाना नवा आहे, हॅश मूल्याचा. फाइलीतले सगळे अंक एका ठरलेल्या गणितातून काढले की अक्षर-अंकांची एक ठरावीक लांबीची ओळ मिळते. फाइलीतला एक ठिपका बदलला तरी ती ओळ ओळखू येणार नाही इतकी बदलते. रीड-सॉलोमनचं गणित सांगतं, लिहिलं गेलं तेच वाचलं जातंय. हॅश सांगतं, त्या दिवशी होतं तेच आज आहे. त्या दिवशी जे होतं ते खरं होतं का, हे सांगायला सही करणारा माणूसच लागतो.

सीडीचा जमाना मात्र ओसरला. लॅपटॉपमधून ड्राइव्ह गेले, आणि कोऱ्या ब्लू-रे तबकड्यांचं उत्पादन सोनीने फेब्रुवारी २०२५ मध्ये थांबवलं. निवडणुकीचं चित्रण आता वेबकास्टिंगने थेट जातं, हार्ड डिस्कवर राहतं. तंत्र बदललं, पण किती काळ जपायचं आणि कुणाला दाखवायचं हे प्रश्न अधिक टोकदार झाले आहेत. डिसेंबर २०२४ मध्ये निवडणूक नियमांतला ९३ वा नियम बदलला आणि सीसीटीव्ही किंवा वेबकास्टिंगसारख्या नोंदी सर्वसामान्यांना तपासायला मिळेनाशा झाल्या. ३० मे २०२५ ला निवडणूक आयोगाने राज्यांच्या मुख्य निवडणूक अधिकाऱ्यांना कळवलं, की निकालानंतर ४५ दिवसांत याचिका दाखल झाली नाही तर चित्रण नष्ट करता येईल. याचिकेची कायदेशीर मुदत तेवढीच आहे, म्हणून हा आकडा. पण चित्रण बघितल्याशिवाय याचिका करावी की नाही हे ठरत नाही, आणि याचिका केल्याशिवाय चित्रण बघायला मिळत नाही, अशा कोंडीत मतदाराला उभं करणं मला मान्य नाही. जालन्यात निदान उमेदवार स्वतः तिथे हजर होता आणि दुसऱ्याच दिवशी त्याने तक्रार केली. उच्च न्यायालयाने दीड वर्षानंतर मागितल्या, तेव्हा त्या तबकड्या अभिलेखात सापडल्या.

प्रमाणपत्रासाठी कोर्टाच्या आदेशाची वाट पाहायची मुळात गरजच नाही. ज्या संध्याकाळी दिवसभराचं चित्रण कार्यालयात जमा होतं, त्याच संध्याकाळी कॅमेऱ्याचा अनुक्रमांक, चित्रण करणाऱ्याचं नाव, उतरवून घेणाऱ्याचं नाव, यंत्राच्या घड्याळात दिसणारी वेळ आणि शेजारी भिंतीवरच्या घड्याळातली वेळ लिहून घ्यावी. हॅश काढावं, त्याचा छापील कागद पंचनाम्यासारखा दोन उमेदवारांच्या प्रतिनिधींसमोर सह्या घेऊन पाकिटात घालावा. संगणकाला हॅश काढायला काही मिनिटं लागतात आणि फुकटच्या सॉफ्टवेअरवर ते होतं. निवडणुकीच्या प्रशिक्षणात मतदान यंत्र सील करायला शिकवतात, कोणत्या दोऱ्याची गाठ कुठे मारायची इथपर्यंत. त्याच वर्गात यासाठी अर्धा तास ठेवला तर पुरे.